रोक विद्यापीठाच्या आचार्यमंडळास अनावृत पत्र



अर्थसीच्या द्वीपसमूहात ज्या विद्येच्या बळावर वारा वळतो आणि दुखणाईत माणूस उठून बसतो, तिचे मुख्य ठाणे आपले असल्यामुळे हे पत्र अन्य कोणाच्या नावे लिहिणे मला प्रशस्त वाटले नाही. उर्सुला ले ग्विन यांनी १९७२ साली ‘द फार्देस्ट शोर’ या ग्रंथात जी आपत्ती नोंदवली, तिचा सारा दोष कॉब नावाच्या एकट्या मांत्रिकाच्या माथी मारून आपण दप्तर बांधून ठेवले, आणि माझी तक्रार त्याविरुद्ध आहे.

अमरत्वाच्या हव्यासापायी कॉबने इहलोक आणि मृतांचा शुष्क प्रदेश यांच्यामध्ये दार उघडले व त्यातून जगाचे तेज पाझरून जाऊ लागले, हे खरेच. परंतु त्याचे पहिले आघात कोणावर झाले? लोर्बानरी या रेशमाच्या बेटावर पिढीजात रंगकाम करणारी आकारेन आपले मंत्र विसरून बसली. माग चालू राहिले, रेशीम विणले जात होते, पण त्याला पूर्वीचा रंग चढेना, आणि तेथील लोक तर असेही म्हणू लागले की जादू म्हणून काही कधी नव्हतेच. गेलेल्या वस्तूबरोबर ती होती ही आठवणही जावी, याहून भयंकर लक्षण मला त्या वृत्तांतात आढळले नाही. तराफ्यांवर राहणाऱ्या लोकांचे गायक उत्तरायणाच्या शेवटच्या रात्री गीत विसरून थबकले, आणि ते राजपुत्र अर्रेनने पुरे केले. आपल्या विद्यालयात हा विकार पोहोचला तो मागाहून. तोवर दूरच्या बेटांची फिर्याद आपणांपैकी कित्येकांना अफवाच वाटत होती.

महामांत्रिक गेडने आपले संपूर्ण सामर्थ्य खर्ची घालून ते दार बुजवले. त्यानंतर आपण चौकशी करावयास हवी होती ती दाराची नव्हे, तर ज्या भिंतीपलीकडे मृतांचा तो प्रदेश पसरला होता त्या भिंतीची. ती प्राचीन मांत्रिकांनीच, मृत्यूनंतरही आपले अस्तित्व राहावे म्हणून, ड्रॅगनांच्या वाट्याचा प्रदेश बळकावून घातली होती, हे २००१ सालच्या ‘दि अदर विंड’मध्ये उघड झाले. म्हणजे कॉब हा आपल्या परंपरेचा अपवाद नसून तिचाच वारस होता. आणि ज्या विद्येने समतोलाचा उपदेश करावा, तिनेच मुळात तो ढासळवला होता. भिंत पडली, मृत मोकळे झाले. परंतु जी वृत्ती ती भिंत बांधू शकली, तिच्याविषयी सावधतेचा पाठ आपल्या शिष्यांना कोण देणार?

तीच वृत्ती आपल्या मंडळातही दिसली. गेडनंतर महामांत्रिकाचे आसन रिकामे असता आपल्या अझ्व्हर आचार्यांच्या मुखातून गाँट बेटावरील एका स्त्रीचा निर्देश झाला, आणि स्त्री कशी त्या आसनावर बसेल या विचाराने मंडळ गोंधळून गेले. आपल्या विद्यालयाच्या स्थापनेत रोकच्या स्त्रियांचा हात होता, आणि पुढे त्यांनाच उंबरठ्याबाहेर ठेवण्यात आले, ही गोष्ट आपल्या पाठ्यक्रमात दाखल व्हावी. त्याचबरोबर खेड्यापाड्यांतील चेटकिणी, रंगारिणी आणि वैदू यांना मंडळाच्या मसलतीत मताचा अधिकार देण्याची तजवीज व्हावी, एवढी विनंती मी या पत्राद्वारे करीत आहे, आणि तिचे उत्तर आपल्या द्वारपालांच्या हस्ते प्रकटपणे मिळावे, अशी अपेक्षा बाळगतो.

आपला,
एक वाचक