शेपट्या मोजायच्या की बांध?

खारेपाटात बांध फुटला की सगळे उधाणाला बोल लावतात. पण उधाण काही आगाऊ न कळवता येत नाही. अमावास्या-पौर्णिमेच्या मागेपुढे ते येणार, हे पेणच्या दादर-वढावपासून रोह्याच्या यशवंतखारपर्यंत शेंबडं पोरही सांगेल. बांध फुटतो तो त्याआधी कित्येक दिवस आतून पोखरला गेलेला असतो म्हणून. आणि पोखरणारे दुसरेतिसरे कुणी नसून घुशी आणि खेकडे असतात.

बांधाच्या शेताकडच्या अंगाने एकदा चालून पाहा. पायथ्याशी ताज्या मातीचा ढिगारा आणि जवळपास कुरतडलेल्या लोंब्या दिसल्या की घुशीने आत घर केलं म्हणून समजा. ती भातशेतीत रमते, उत्तम पोहते आणि बिळात धान्याची कोठारं भरते. भरतीला त्याच जागी पाणी पाझरू लागतं. ते नितळ असेल तर अजून हातात वेळ आहे. गढूळ असेल तर बांधाची माती त्याच्याबरोबर निघाली आहे आणि बिळाची खांड व्हायला एक मोठी भरती पुरते. खारं पाणी एकदा शेतात शिरलं की जमीन धुऊन निघायला पुढचे दोन-तीन पावसाळे जातात.

हे गावच्या घुशीचं झालं. याच कामात तिच्या वरताण असलेला एक प्राणी जगभर कुप्रसिद्ध आहे, तो म्हणजे न्यूट्रिया. मूळचा दक्षिण अमेरिकेचा, पाच ते नऊ किलो वजनाचा, नारिंगी दातांचा हा पाणउंदीर. त्याच्या मागच्या पायांची बोटं पडद्याने जोडलेली असतात. मादीचे सड पोटाखाली नसून कुशीवर, बरेच वर असतात, त्यामुळे पिल्लं पोहता पोहता दूध पितात. आपल्या खाड्यांत तो आलेला नाही. जिथे गेला तिथे मात्र माणसानेच नेला, अंगावरच्या मऊ फरसाठी. पिंजऱ्यांतून निसटला, फरचा बाजार बसला आणि मागे उरले पोखरलेले काठ आणि मुळांसकट खाऊन उजाड केलेल्या पाणथळी.

त्याच्याशी दोन देशांनी दोन तऱ्हांनी लढाई केली, आणि आपल्या कामाची गोष्ट तिथेच आहे. अमेरिकेतल्या लुइझियानाने 2002 पासून शेपटीमागे बक्षीस लावलं. आधी चार डॉलर, मग पाच, 2019 पासून सहा. दर मोसमात शेपट्यांचे ढीग जमतात, पैसे वाटले जातात आणि न्यूट्रिया आहे तिथेच आहे. शेवटचं जनावर शोधून काढण्यात शिकाऱ्याचा काय फायदा? तिकडे इंग्लंडच्या पूर्व भागात 1981 मध्ये 24 पगारी सापळेवाले नेमले गेले. त्यांना सांगितलं होतं की प्राणी पूर्ण संपला तर तीन वर्षांच्या पगाराइतका बोनस मिळेल, आणि सहा वर्षांपेक्षा उशीर केलात तर तो घटत जाईल. 1989 मध्ये तिथला न्यूट्रिया संपल्याचं जाहीर झालं. सापळे दोन्हीकडे होते. एकीकडे मेलेला प्राणी मोजून पैसे दिले, दुसरीकडे काम संपलं म्हणून दिले.

आता आपल्या बांधाकडे या. जुन्या कुलाबा जिल्ह्यात शिलोत्री नावाची पद्धत होती. बाहेरचा बांध राखायची जबाबदारी शिलोत्रीदाराची आणि त्यापोटी शेतकऱ्यांकडून बिघ्यामागे ठरावीक भात. ती पिळवणुकीचीही वाट होती. 1955 च्या कायद्याने शिलोत्री हक्क संपले ते योग्यच झालं. गावकऱ्यांची ‘जोळ’ही होती, म्हणजे सगळ्यांनी मिळून बांध दुरुस्त करायचा. 1948 आणि 1979 च्या खारभूमी कायद्यांनी बांध सरकारच्या हाती दिला. जमीनदाराचा जाच गेला, सरकारचा पैसा आला, पण रोज बांधावरून चालणारा माणूसही गेला. जोळीत मात्र शेपट्या मोजण्याची ही खोड नव्हती. खारं पाणी शिरलं तर दुरुस्ती करणाऱ्याचंच भात जायचं.

आज दुरुस्तीचं बिल निघतं ते किती मातीकाम झालं, किती दगड लागला यावर. म्हणजे खांड पडल्याशिवाय कुणाला काम नाही, आणि मोठी पडली तर बिलही मोठं. ठेकेदाराची नियत चांगली असली तरी हा हिशेब लुइझियानाच्या शेपट्यांचाच आहे. बीळ दिसल्याच्या दिवशी ते शेवटपर्यंत खणून, चिकणमाती भरून, चोपून बुजवणाऱ्याला यात कवडीही मिळत नाही. नुसतं तोंड लिंपून भागत नाही, घूस शेजारून नवी वाट काढते. विषाच्या गोळ्या टाकून मोकळं होणाऱ्यांनी त्याच बांधाखालच्या खाडीतल्या जिताड्याची आणि निवट्यांची तरी आठवण ठेवावी.

न्यूट्रियासारखी परकी जनावरं उद्या हौसेखातर कुणी आणलीच, तर 2022 च्या दुरुस्तीने वन्यजीव कायद्यात कलम 62 अ आलं आहे. अशा आक्रमक प्रजातींची आयात, व्यापार आणि त्या बाळगणं रोखण्याचा अधिकार त्याने केंद्राला दिला. चांगली गोष्ट आहे. पण आफ्रिकन मांगुरावर 2000 पासून बंदी आहे आणि तो राज्यात आजही चोरून पाळला जातो. कागदावरच्या बंदीला काठावरचा डोळा लागतो.

म्हणून मागणी साधी आहे. पेण-रोह्याच्या प्रत्येक खारभूमी योजनेत गावातलाच एक बांधराखा पगारावर ठेवा. उधाणाच्या आधी आणि नंतर त्याने बांध पायी पालथा घालावा, बिळं आणि पाझर वहीत लिहावेत आणि त्याच आठवड्यात बुजवावेत. वर्षअखेर त्याच्या पट्ट्यातली शेतं गोडी राहिली तर घसघशीत बोनस द्या, खारं पाणी शिरलं तर तो कापा. ठेकेदाराच्या देयकातलाही एक हिस्सा पुढचा पावसाळा पार पडेपर्यंत अडकवून ठेवा. एका मोठ्या खांडीच्या खर्चात असे किती पगार निघतील, हा हिशेब येत्या ग्रामसभेत मागा. तोंडी उत्तर घेऊ नका, लेखी घ्या.