मैदान समाजाचे, श्रम स्त्रीचे; फळ कोणाचे?

स्त्रियांच्या खेळाने आधी आपला खर्च आपण भागवावा, मग बरोबरीची भाषा करावी, असा युक्तिवाद क्रीडासंघटनांच्या कचेऱ्यांतून वारंवार केला जातो. वरकरणी तो हिशेबी वाटतो. वस्तुतः त्या हिशेबवहीची पहिली पानेच फाडलेली असतात. पुरुषांच्या खेळाला मैदाने कोणी दिली, प्रशिक्षक कोणी पोसले, तोट्याची वर्षे कोणी सोसली, याची नोंद तीत कोठेच नसते. ही फाटलेली पाने पुन्हा जोडून पाहावयाची असतील, तर आइसलंडमधील स्त्रियांच्या फुटबॉलचा इतिहास उद्बोधक ठरतो.

आजही या देशाची लोकसंख्या चार लाखांच्या आतच आहे. १९७२ साली, ती जेमतेम दोन लाख असताना, तेथे स्त्रियांची राष्ट्रीय साखळी स्पर्धा सुरू झाली आणि पहिले विजेतेपद हाफ्नारफ्योर्डुर या बंदराच्या गावातील एफ. एच. क्लबने मिळविले. एवढ्या लहान देशात तिकीटविक्रीवर स्पर्धा उभी राहणे अशक्यच होते. पुढे तीनच वर्षांनी, २४ ऑक्टोबर १९७५ रोजी, तेथील सुमारे नव्वद टक्के स्त्रियांनी नोकरीतील आणि घरातील असे दोन्ही काम एक दिवस बंद ठेवले. १९७६ मध्ये स्त्री-पुरुष समानतेचा कायदा झाला. स्पर्धा काही या संपातून जन्मली नाही. परंतु ती वाढली ती याच जागृतीच्या काळात.

ही वाढ सरळ रेषेत झाली नाही, हेही नमूद केले पाहिजे. स्त्रियांचा राष्ट्रीय संघ १९८१ साली स्कॉटलंडविरुद्ध प्रथम खेळला. पण १९८७ नंतर काही वर्षे तो मैदानात उतरलाच नाही. १९९२ मध्ये तो पुन्हा उभा राहिला. वरचा संघ नाहीसा झाला तरी खालची साखळी तुटली नव्हती. चळवळीत काम करणाऱ्यांना या गोष्टीचे मर्म समजावून सांगण्याची गरज नाही.

या साखळीचा पाया सार्वजनिक आहे. तेथील क्लब हे मुख्यतः सभासदांचे संघ असून एकाच क्लबाच्या छत्राखाली मुले आणि मुली खेळतात. मैदानांचा भार प्रामुख्याने नगरपालिका उचलतात. २००० सालापासून हिवाळ्यातही सराव करता यावा म्हणून मोठी आच्छादित मैदाने बांधण्यात आली. शाळांजवळ शंभराहून अधिक छोटी मैदाने तयार झाली. लहान मुलामुलींनाही प्रशिक्षित आणि वेतन घेणारे प्रशिक्षक मिळू लागले. याचे फळ असे की, २००९ साली स्त्रियांचा संघ युरोपीय अजिंक्यपद स्पर्धेच्या अंतिम फेरीत पोहोचला. पुरुषांच्या संघाला तेथे पोहोचण्यास २०१६ साल उजाडावे लागले.

मात्र समाजाने पेरलेले पीक समाजाच्याच घरी येते असे नाही. हाफ्नारफ्योर्डुरमध्येच खेळू लागलेली सारा ब्योर्क गुन्नार्सडोत्तिर कोपावोगुर येथील ब्रेइदाब्लिक क्लबमधून २०११ साली स्वीडनला गेली. पुढे जर्मनीतील वोल्फ्सबुर्ग आणि फ्रान्समधील लियों या धनाढ्य क्लबांकडून खेळली. तरुण खेळाडू घडविणाऱ्या क्लबाला प्रशिक्षणाची भरपाई देण्याचे तत्त्व पुरुषांच्या फुटबॉलमध्ये मान्य आहे. स्त्रियांच्या फुटबॉलला ते लागू नाही, असे फिफाच्या २०२१ च्या नियमावलीत स्पष्ट म्हटले होते. म्हणजे घडविण्याचा खर्च लहान गावाचा आणि घडलेले कौशल्य मोठ्या भांडवलाचे! अर्थशास्त्रात या व्यवहाराला विकास म्हणत नाहीत.

हीच सारा २०२१ मध्ये गरोदर राहिली, तेव्हा लियों क्लबने तिचे पूर्ण वेतन दिले नाही. त्याच वर्षाच्या १ जानेवारीपासून फिफाचे प्रसूतिविषयक नियम अमलात आले होते. तरीही तिला खेळाडूंच्या आंतरराष्ट्रीय संघटनेच्या साहाय्याने दाद मागावी लागली. २०२२ साली फिफाच्या लवादाने ८२ हजार युरोंहून अधिक रक्कम देण्याचा आदेश दिला. नियम कागदावर होताच. त्याला धार आली ती संघटनेमुळे. मातृत्व हा मजुरीतून कापून घेण्याचा विषय नाही, हे गिरणीतील बाईने लढून मिळविलेले तत्त्व मैदानावरील बाईलाही पुन्हा लढूनच मिळवावे लागले.

आइसलंडला स्वर्ग ठरविण्याचेही कारण नाही. २०१८ साली तेथे दोन्ही राष्ट्रीय संघांच्या खेळाडूंचे मानधन समान करण्यात आले. पण २०२१ मध्ये, पुरुष खेळाडूंविरुद्धच्या लैंगिक अत्याचाराच्या तक्रारी फुटबॉल संघटनेने ज्या रीतीने हाताळल्या त्यावरून अध्यक्षांसह कार्यकारिणीला पायउतार व्हावे लागले. त्यानंतर वांदा सिगुरगेइर्सडोत्तिर ही माजी खेळाडू त्या संघटनेची पहिली स्त्री अध्यक्ष झाली. आणि २४ ऑक्टोबर २०२३ रोजी तेथील स्त्रिया पुन्हा संपावर गेल्या.

तात्पर्य, स्त्रियांचा खेळ बाजाराच्या कृपेने वाढत नाही. त्याला सार्वजनिक मैदान लागते, वर्षानुवर्षे न तुटणारी स्पर्धा लागते आणि हक्काचे रक्षण करणारी संघटना लागते. पहिल्या दोन गोष्टी मिळाल्या की तिसरीची गरज संपते, असे मानणे हा भ्रम आहे. प्रेक्षक किती आले, हा प्रश्न विचारावयास हरकत नाही. मात्र त्याआधी मैदान कोणाला दिले आणि किती वर्षे दिले, हे विचारले गेले पाहिजे.