उशीर कुणाचा?



आपला घटस्फोट झाल्याची बातमी अनेक बायकांना कोर्टाकडून मिळतच नाही. कुणाला ती शेजारणीकडून कळते, कुणाला नवऱ्याने दुसरे लग्न केल्यावर. अर्जात पत्ता सासरचा असतो, आणि तिथून तर तिला केव्हाच बाहेर काढलेले असते. बेलिफ त्या दारावर समन्स चिकटवून जातो किंवा तिच्या हाती कधीच न पडणाऱ्या वर्तमानपत्रात नोटीस छापली जाते. तारखेला ती गैरहजर, म्हणून एकतर्फी हुकूमनामा. पुढे ती दाद मागायला गेली की पहिला प्रश्न येतो, "इतका उशीर का केलात?"

हा प्रश्न दुसरा असायला हवा. पहिला प्रश्न, समन्स तिच्यापर्यंत पोचले होते का?

कायदाही याहून वेगळे सांगत नाही. समन्स रीतसर बजावले नसेल किंवा गैरहजेरीला पुरेसे कारण असेल, तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 9, नियम 13 खाली एकतर्फी हुकूमनामा रद्द करून मागता येतो. मुदत 30 दिवसांची. समन्स रीतसर बजावले असेल तर ती हुकूमनाम्याच्या तारखेपासून, नसेल तर तो तिला कळला त्या दिवसापासून. 1963 च्या मुदत कायद्यात तर स्पष्टच म्हटले आहे की वर्तमानपत्रातल्या नोटिशीसारखी पर्यायी बजावणी या मुदतीपुरती रीतसर धरायची नाही. मुदत उलटली तरी कलम 5 खाली विलंब माफ होऊ शकतो, पण कारण पटवून द्यावे लागते.

मात्र दुसरी बाजूही डोळ्यांआड करून चालणार नाही. दिल्लीच्या एका प्रकरणात 1989 साली एकतर्फी घटस्फोट झाला. पत्नीने 1993 मध्ये अर्ज केला, तोवर पतीने दुसरे लग्न केले होते, मुलेही झाली होती. उच्च न्यायालयाने तिचे म्हणणे मान्य केले. पण तिने रजिस्टर पोस्टाने आलेले समन्स नाकारले होते, म्हणजे ते बजावले गेलेच, असे म्हणून 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. अशा वेळी दुसऱ्या घरातली बाई आणि मुलेही टांगणीला लागतात. म्हणून तर बजावणीची कसून तपासणी हुकूमनाम्याआधी व्हायला हवी, चार वर्षांनी नव्हे. अर्जदाराकडून पत्नीचा माहेरचा पत्ता आणि फोन नंबर घेतल्याशिवाय, तिथे समन्स पाठवल्याशिवाय कोणत्याही कोर्टाने प्रकरण एकतर्फी चालवू नये, ही मागणी आपण लावून धरली पाहिजे.

तोवर आपल्या हाती काय आहे? "कागद घेतला नाही की केस उभी राहत नाही" हा समज आधी मोडून काढू या. समन्स घ्यायचे, तारीख लिहून ठेवायची, हजर राहायचे. लांबच्या कोर्टातून प्रकरण बदलून मागता येते. हुकूमनामा झाल्याचे कळले तर त्याच दिवसाची नोंद करा. कुणाकडून, कसे कळले तेही लिहा. सही-शिक्क्याची नक्कल मागा, फाईलमधला बेलिफचा अहवाल पाहा. बाईला, तिचे उत्पन्न कितीही असो, विधी सेवा प्राधिकरणाकडून मोफत वकील मिळतो.

आणि हुकूमनामा कायम राहिला, तरी सगळे संपले असे तिला वाटू देऊ नका. पुन्हा लग्न न केलेली घटस्फोटित स्त्री पोटगी मागू शकते. हिंदू विवाह कायद्याच्या कलम 25 खालचा अर्ज तर हुकूमनाम्यानंतर केव्हाही करता येतो.

जिचे म्हणणे कुणी ऐकलेच नाही, तिला "उशिरा आलीस" म्हणून परत पाठवणे हा न्याय नव्हे. आपापल्या केंद्रातल्या अशा प्रकरणांची नोंद ठेवा. समन्स कुठल्या पत्त्यावर गेले, एवढे जरी गोळा झाले, तरी उशीर कुणाचा हे कोर्टापुढे मांडता येईल.