केर काढणं हलकं कसं?

"एमआयटीचा एवढा मोठा संशोधक, आणि शेवटी विकलं काय, तर केर काढायचं यंत्र!" रॉडनी ब्रूक्सबद्दल असं कुणी म्हणालं की माझं डोकं फिरतं. अहो, १९९७ साली कास्पारोव्हला हरवणाऱ्या डीप ब्लूला साधं प्यादं उचलता येत नव्हतं, त्यासाठी माणूस बसवला होता! 'हत्ती बुद्धिबळ खेळत नाहीत' हे ब्रूक्सनी १९९० च्या लेखाच्या मथळ्यातच सांगून टाकलं होतं. खाटेखाली शिरायचं, पायाला धडकलं की वळायचं, पुन्हा कामाला लागायचं. मनात घराचा नकाशा नसताना! २००२ च्या रूंबात हेच संशोधन होतं. हलकं वाटतं ते आपल्याला, कारण केरसुणी कायम दुसऱ्याच्या हातात. पुढे त्यांचा बॅक्स्टर कारखान्यांत फारसा खपला नाही, २०१८ मध्ये रीथिंक रोबोटिक्स बंद पडली. त्यावर खुशाल टीका करा. रूंबावर नको.