पी. के. बॅनर्जी आणि आपली ज्युनिअर टीम

१३ जुलै १९९७ रोजी कोलकात्याच्या सॉल्ट लेक स्टेडियमवर फेडरेशन कपची उपांत्य लढत झाली, ईस्ट बंगाल विरुद्ध मोहन बागान. प्रेक्षकांची नोंद आहे १,३१,७८१. भारतात फुटबॉलच्या सामन्याला एवढी गर्दी त्याआधी झाली नाही आणि नंतरही नाही. मोहन बागानचे प्रशिक्षक अमल दत्ता यांची 'डायमंड' रचना तेव्हा गाजत होती. उपांत्यपूर्व फेरीत त्यांनी गोव्याच्या चर्चिल ब्रदर्सला ६-० असे धुतले होते. त्या भरात दत्तांनी ईस्ट बंगालच्या खेळाडूंच्या नावांची जाहीर टिंगल केली. बायचुंग भुतियाचे नावही त्यातून सुटले नाही.

ईस्ट बंगालचे प्रशिक्षक होते ६१ वर्षांचे प्रदीपकुमार बॅनर्जी, म्हणजे सगळ्यांचे पी. के. ती टिंगल त्यांनी खेळाडूंच्या मनाशी नेऊन लावली. निकाल ४-१, आणि विशीतल्या बायचुंगचे तीन गोल.

सामन्याआधी पी. के. खेळाडूंशी जे बोलत, त्याला बंगालमध्ये 'व्होकल टॉनिक' असे नाव पडले होते. हा शब्द आपल्याकडेही आला आहे. हाऊस मॅचच्या मध्यंतरात एखादा सिनिअर कॅडेट गळ्याच्या शिरा ताणून ज्युनिअरांवर ओरडतो, हरल्यावर सगळ्या टीमला रगडा देतो आणि त्याला 'मोटिव्हेशन' म्हणतो. माझे या प्रकाराशी भांडण आहे. पी. केंचे नाव घेऊन हे कोणी करू नये, कारण पी. केंची रीत वेगळी होती.

आधी खेळाडू पी. के. पाहू. जन्म १९३६, जलपायगुडी भागातला. पंधराव्या वर्षी बिहारकडून संतोष ट्रॉफी. १९५६ च्या मेलबर्न ऑलिम्पिकमध्ये आपण चौथे आलो, त्या संघात ते होते. ऑस्ट्रेलियाविरुद्ध तीन गोल करणारे नेव्हिल डिसोझाही त्याच संघातले. १९६० च्या रोम ऑलिम्पिकमध्ये ते कर्णधार होते, आणि फ्रान्सविरुद्धच्या १-१ बरोबरीतला आपला गोल त्यांचाच. १९६१ मध्ये अर्जुन पुरस्कार मिळालेले ते पहिले फुटबॉलपटू. एवढा मोठा खेळाडू मोहन बागान, ईस्ट बंगाल किंवा मोहमेडन स्पोर्टिंग यांच्याकडून कधीच खेळला नाही! ते रेल्वेत नोकरीला होते आणि ईस्टर्न रेल्वेकडूनच खेळत राहिले. त्या संघाने १९५८ मध्ये कोलकाता लीग जिंकली. या तिघांबाहेरच्या संघाला पुन्हा ती जिंकायला २०१९ उजाडले.

पण पी. केंना घडवले कोणी? भारतीय संघाचे प्रशिक्षक सय्यद अब्दुल रहीम हे पेशाने शिक्षक. १९६२ च्या जकार्ता एशियाडमध्ये बचावपटू जर्नेलसिंगच्या डोक्याला टाके पडले. रहीमसाहेबांनी त्याला उपांत्य आणि अंतिम सामन्यात चक्क आघाडीला खेळवले. अंतिम सामन्यात दक्षिण कोरियाविरुद्ध एक गोल पी. केंचा, दुसरा त्याच जर्नेलसिंगचा. आपण २-१ ने सुवर्णपदक जिंकले. रहीमसाहेब तेव्हा कर्करोगाने आजारी होते, पुढच्याच वर्षी ते गेले. जखमी माणसाला बाजूला न टाकता त्याच्यासाठी दुसरी जागा शोधायची, हा धडा पी. केंनी तिथे डोळ्यांनी पाहिला असणार, असे मला वाटते.

कारण पुढे त्यांनी तेच केले. १९७० च्या बँकॉक एशियाडमध्ये भारताला कांस्य मिळाले, तेव्हा प्रशिक्षकांमध्ये ते होते. १९७२ मध्ये ते ईस्ट बंगालकडे आले. सुभाष भौमिक या आघाडीच्या खेळाडूला तेव्हा अनेकांनी निकालात काढले होते. पी. केंनी त्याला जवळ केले, मेहनत करून घेतली. १९७५ च्या आयएफए शिल्डच्या अंतिम सामन्यात ईस्ट बंगालने मोहन बागानला ५-० हरवले, त्या संघात भौमिक होता. पुढे तोही प्रशिक्षक झाला आणि २००३ मध्ये त्याच्या ईस्ट बंगालने आसियान क्लब स्पर्धा जिंकली. आणि गंमत पाहा, १९७६ मध्ये पी. के. मोहन बागानकडे गेले आणि ईस्ट बंगालची सलग सहा वर्षांची लीगची मालिका त्यांनीच तोडली. १९७७ मध्ये पेले कॉसमॉस संघाबरोबर ईडन गार्डन्सवर आले, तेव्हा पी. केंच्या मोहन बागानने २-२ बरोबरी केली.

ते सगळेच जिंकले असे मुळीच नाही. १९८२ च्या दिल्ली एशियाडमध्ये त्यांचा संघ उपांत्यपूर्व फेरीत सौदी अरेबियाकडून ०-१ हरला. १९९७ च्या त्या विक्रमी गर्दीनंतर अंतिम सामन्यात ईस्ट बंगाल गोव्याच्या साळगावकर संघाकडून हरलेच.

आपल्यातले कोल्हापूरकडचे कॅडेट्स हे लवकर समजतील. तालमीतला वस्ताद पोरावर ओरडतो, पण कोणाचा गुडघा दुखतो, कोण घरून उपाशी येतो, कोणाला कोणता डाव बसतो, हे त्याला पाठ असते. त्याचे ओरडणे त्या माहितीवर उभे असते म्हणून पोरगा ऐकून घेतो. पी. केंचे टॉनिक असेच होते. बायचुंगला काय लागले आहे हे कळले नसते, तर ते त्याला काय सांगणार होते?

पालकांपैकी काही जण म्हणतील, फौजी शाळेत कडकपणा नको का? हवाच. पहाटेची पीटी, वेळ, टर्नआउट यांत सूट नको. पण ०-४ ने हरलेल्या बारा वर्षांच्या मुलाला अंधारात मैदानाला फेऱ्या मारायला लावल्याने त्याचा डावा पाय सुधारत नाही. तो फक्त चेंडू मागायचा बंद होतो. हे मी टचलाइनवरून अनेक हंगाम पाहत आलो आहे. ज्या मुलाला भीती वाटते, तो पास देऊन मोकळा होतो आणि लपतो.

म्हणून माझी सूचना अशी. अकरावीच्या कॅडेट्सना ज्युनिअर हाऊस टीम एका मॅचपुरत्या देऊ नयेत, पूर्ण हंगामासाठी द्याव्यात. निवडताना शाळेच्या टीममधलेच घ्यायचे हा हट्ट नको. राखीव बाकावर बसणाऱ्याला खेळ कधी कधी जास्त दिसतो. प्रत्येकाने एक वही ठेवावी, त्यात अठराही मुलांची नावे आणि त्यांच्यापुढे दर आठवड्याला एक ओळ. हंगामाच्या शेवटी ट्रॉफीबरोबर ती वहीही हाऊसमास्तरांनी पाहावी, आणि शेवटच्या चार मुलांपुढच्या ओळी आधी वाचाव्यात. हरल्यानंतरचा रगडा या टर्मपासून बंद व्हावा. हा विषय मी क्रीडा समितीच्या पुढच्या बैठकीत मांडणार आहे. ज्या अकरावीच्या कॅडेट्सना टीम घ्यायची आहे, त्यांनी शनिवारी गेम्सनंतर गोलपोस्टजवळ मला भेटावे. वही घेऊन यावे.