संग्रामाच्या पोटातले ग्राम

'संग्राम' म्हटले की आपल्याला रणांगण आठवते. त्या शब्दाच्या पोटातले 'ग्राम' मात्र कुणाच्या लक्षात येत नाही. वैदिक काळातला ग्राम म्हणजे गुरेढोरे घेऊन फिरणारा जथा. शतपथ ब्राह्मणातला शर्यात मानव असाच आपला ग्राम घेऊन हिंडतो. चाऱ्यापाण्याच्या शोधातले असे दोन ग्राम एकाच कुरणावर येऊन भिडत, तो संग्राम, असा अर्थ अभ्यासकांनी लावला आहे. गाईंची अभिलाषा सांगणारा ऋग्वेदातला 'गविष्टी' हा शब्दही लढाईसाठीच येतो.

पुढे ग्राम स्थिरावले, नांगर चालले, राज्ये उभी राहिली. लढाईचे कारण मात्र तेच राहिले. आपल्याकडच्या कित्येक गावांत वेशीपाशी वीरगळ उभा असतो: तळाला पडलेला वीर, कधी त्याच्याजवळ गाईंची रांग, वर झुंज, त्यावर शिवलिंगाची पूजा आणि माथ्याशी चंद्रसूर्य. गोधन राखताना मेलेल्या माणसाचे एवढेच चरित्र मागे उरले.

एकत्र येण्याची दुसरी रीतही याच मातीत रुजली. मराठेशाहीत शिवेचा वा वतनाचा तंटा उभा राहिला की गोतसभा बसे, बलुतेदारांसह गाव साक्षीला येई आणि निवाड्याच्या महजरावर पाटील नांगराची निशाणी करी. जातीची उतरंड त्या सभेतही होती. तरीही निवाडा साऱ्यांदेखत होई. खानदेशात पांझरेकाठच्या फड पद्धतीत बंधाऱ्याचे पाणी पाळीने फिरे आणि नदी आटली तर तूट सर्वांनी सोसायची असे.

विसाव्या शतकात स्वातंत्र्यसंग्रामाने आणि 17 सप्टेंबर 1948 रोजी यशस्वी झालेल्या हैदराबाद मुक्तिसंग्रामाने या शब्दाला तेज दिले. ते रास्तच होते. पण त्या तेजात चाऱ्यापाण्यावरून भिडण्याचा त्याचा जुना इशारा झाकोळला. 1969 मध्ये कृष्णा आणि गोदावरीच्या पाण्यासाठी लवाद नेमावे लागले. 2005 मध्ये राज्याने जलसंपत्ती नियमन प्राधिकरणाचा कायदा केला. तरीही अवर्षणाच्या वर्षी गोदावरीवरच्या वरच्या धरणांतून खालच्या जायकवाडी धरणाला पाणी सोडायची वेळ आली की नाशिक-अहिल्यानगर आणि मराठवाडा समोरासमोर उभे ठाकतात. मोर्चे निघतात, याचिका दाखल होतात.

कायदा आहे, पण वाटणी आपली म्हणून मानण्याची सवय मोडली आहे. ती पुन्हा लावायची तर धरणे भरलेल्या वर्षीच दोन्ही टोकांच्या गावांनी बसून तुटीचा हिशेब मान्य केला पाहिजे; तहानेच्या वर्षी एकत्र आलेले ग्राम तडजोडीला येत नाहीत, संग्रामालाच येतात.