बुणग्यांचा इतिहास कोण लिहिणार ?

संक्रांत जवळ आली म्हणजे आमच्या मावळात वडगावच्या विजयाची आठवण निघते. कुंपणी सरकारच्या फौजेस याच मातीत नाक घासावे लागले हे ऐकून कोणाही मावळ्याच्या अंगावर मूठभर मांस चढावे, आणि ते चढते. त्यात गैर काही नाही. परंतु गेल्या खेपेस हीच कथा आम्ही वर्गात रंगवून सांगत असतां एका कुणब्याच्या पोराने विचारले, “गुरुजी, लढाई चालली होती तेव्हा आपल्या गावचे लोक कोठे होते?” पुस्तकात पाहून सांगतो, असे म्हणून आम्ही वेळ मारून नेली, आणि मग खरोखरीच पुस्तके काढून बसलो. त्यातून जे हाती लागले ते आज वाचकांपुढे ठेवतो.

हकीगत थोडक्यात अशी. राघोबादादास गादीवर बसविण्याच्या मिषाने १७७८ च्या नोव्हेंबरात मुंबईहून इंग्रजांची फौज निघाली. माणसे सुमारे ३,९००, आणि त्यांच्या सामानास बैल किती? तर १९,०००. हा आकडा ग्रँट डफ साहेबाने आपल्या १८२६ च्या इतिहासात दिला आहे. लढवय्यांची नावे सांगणारे पुष्कळ आहेत, पण या बैलांपाशी थांबून हिशेब करणारा आम्हांस भेटला नाही. शेतकऱ्यास तो सहज करता येईल. एका बैलास दिवसाची दहा शेर वैरण धरली तरी रोज एक लाख नव्वद हजार शेर, म्हणजे पावणेपाच हजार मण पेंढा पाहिजे. ही वैरण कोणी मुंबईहून आणीत नाही. ती खंडाळे, लोणावळे, कारले, वडगाव येथल्या खळ्यांतून निघावयाची. पौष महिना, भात झोडून झालेले, पेंढ्याच्या गंजी रचून ठेवलेल्या. आमच्या आजे-पणज्यांची वर्षाची बेगमी नेमकी वाटेवर उभी होती.

घाट चढून आलेली फौज तळेगावास पोचावयास १७७९ च्या जानेवारीची ९ तारीख उजाडली. घाटमाथ्यापासून तळेगावपर्यंत सतरा-अठरा दिवस! आज लोणावळ्याची लोकल हेच अंतर पाऊण तासात तोडते. वाटेत कारल्यास ४ जानेवारीस कप्तान स्टुअर्ट तोफेच्या गोळ्याने पडला. त्याचे शौर्य पाहून मराठ्यांनीच त्यास ‘इष्टूर फाकडा’ म्हटले, व त्याची समाधी वडगावास अजून दाखवितात. शत्रूच्याही शौर्याची कदर करावी हा आमच्या लोकांचा मोठेपणा होय. मात्र त्या महिन्यात मावळात मेलेल्या आपल्या एका तरी हेलकऱ्याचे, पखालीवाल्याचे, बैलाच्या मागून चालणाऱ्याचे नाव कोणास सांगता येईल काय?

तळेगावास इंग्रजांस काय दिसले? ओसाड गाव आणि आग. महादजी शिंदे, तुकोजी होळकर, हरिपंत फडके यांच्या फौजा चोहोंकडून होत्या. परंतु इंग्रजांस खरी मारली ती भुकेने. मराठ्यांनी वाटेवरची वैरण जाळली, तळेगाव पेटविले, आणि शत्रू पुढे सरकलाच तर चिंचवड व प्रत्यक्ष पुणे जाळण्याचीही तयारी ठेवली. ११ जानेवारीच्या रात्री इंग्रजांनी जड तोफा तळ्यात लोटून पाय मागे घेतला. दुसऱ्या दिवसापासून वडगावात त्यांची कोंडी झाली व १६ तारखेस तह लिहून द्यावा लागला. तो तह मुंबईकरांनी पुढे झिडकारला, ही गोष्ट वेगळी.

डाव बिनतोड होता हे आम्ही मान्य करतो. परंतु ज्याच्या घरावर तो खेळला गेला त्यास कोणी विचारले होते काय? पेशव्यांच्या दप्तरात ‘पायमल्ली’ असा एक शब्द येतो. फौजेच्या चालीने ज्याचे शेत तुडविले गेले त्यास साऱ्यात सूट द्यावयाची, अशी ती बाब. चांगलीच बाब म्हणावयाची. पण सारा सुटला तरी जळलेले वासे पुन्हा उगवत नाहीत, आणि सूट कोणास किती हे ज्याच्या लेखणीतून उतरावयाचे त्याच्या ओटीवर कुणब्यास किती हेलपाटे घालावे लागत, हे काय आम्ही नव्याने सांगावे?

आणखी एक गोष्ट. शाळेच्या पुस्तकात लढाई वडगावास संपते. मावळात ती संपली नाही. १७८१ च्या फेब्रुवारीत जनरल गॉडर्डने पुन्हा बोरघाट घेतला, माथ्यावर तळ दिला, आणि एप्रिलात मराठ्यांचा मार खात तो कोकणात उतरला. सालबाईचा तह व्हावयास १७८२ चा मे महिना उजाडला. सुमारे दोन वर्षांनी दुसऱ्यांदा तोच घाट, तेच रस्ते, त्याच गंजी. विजयाचा दिवस एक असतो. पण भोगवट्याचे दिवस ज्याचे त्यानेच मोजावे लागतात.

हे भुकेचे शस्त्र मराठ्यांस कोणी शिकविले असावे? आमचा तर्क असा की पानिपताने. १७६० च्या नोव्हेंबरपासून १४ जानेवारी १७६१ पर्यंत भाऊसाहेबांची छावणी पानिपतास कोंडून पडली होती. रसद तुटली, जनावरे मेली, आणि अखेरीस उपाशी पोटी झुंज द्यावी लागली. त्या दिवशी जीव घेऊन निसटलेल्यांपैकी दोघे म्हणजे महादजी शिंदे आणि नाना फडणीस. अठरा वर्षांनी, त्याच संक्रांतीच्या सुमारास, वडगावची कोंडी एकाने रणात केली व दुसऱ्याने तिची सूत्रे चालविली. उपासमार काय करते हे या दोघांस कोणाच्या पुस्तकातून शिकावयाचे नव्हते.

महादजी पानिपतातून वाचले कसे, ही गोष्ट तर प्रत्येक कारागिराच्या घरी सांगितली गेली पाहिजे. पायास जबर जखम होऊन ते वाटेत पडले होते. त्यांस उचलून आपल्या बैलावर घालून दक्षिणेत आणले ते कोणा सरदाराने नव्हे, तर राणेखान नावाच्या भिस्त्याने. पखालीने पाणी वाहणारा हा मुसलमान. महादजींनी त्यास पुढे भाऊ मानिले व सरदारी दिली. आता पानिपतावरील लिखाण उघडून पाहावे. पराभवाची कारणे सांगताना एक कारण हटकून येते: सैन्याबरोबर ‘बाजारबुणगे’ फार होते. बुणगे म्हणजे कोण हो? नाल ठोकणारा लोहार, खोगीर शिवणारा चांभार, तंबू उभारणारा, दाणा वाहणारा वंजारी, पाणी भरणारा भिस्ती, रांधणारी बाई. यात्रेकरूंची व बड्या घरच्या कुटुंबकबिल्याची गर्दी होती, तिचा बोजा खराच होता. पण ज्याच्यावाचून घोडा एक मजल चालत नाही त्यासही त्याच शब्दात गुंडाळावे, आणि ज्यांनी दाण्यापाण्याची तजवीज न करता एवढा जमाव उत्तरेत नेला त्यांस ‘दैव फिरले’ म्हणून सोडून द्यावे, हा न्याय आम्हांस समजत नाही. राणेखान हाही बुणगाच होता.

यावरून कोणी म्हणेल की भटी लेखणीचे सारेच टाकून द्या. तसे आम्ही म्हणणार नाही. नाना फडणिसांनी आपल्या आत्मचरित्रात पानिपताची हकीगत लिहिली आहे. त्या वेळी ते एकोणिसाव्या वर्षात होते. आई त्या गर्दीत कायमची अंतरली, आपण भीतीने कसे पळालो, हे त्यांनी झाकून ठेविले नाही. एवढ्या मोठ्या मुत्सद्द्याने आपले भय आपल्या हाताने कागदावर उतरविले, ही लहान गोष्ट नव्हे. शत्रूकडील शुजाच्या पदरी असलेल्या काशीराज पंडिताने फारसीत लिहून ठेविले म्हणून त्या बाजूचे चित्र आपणांस दिसते. राजवाड्यांनी १८९८ साली आपल्या साधनांचा पहिलाच खंड पानिपतच्या काळातील पत्रांचा काढला. शेजवलकरांचा ग्रंथ १९४६ साली इंग्रजीत व १९६१ साली मराठीत आला. ही माणसे उन्हातान्हात कागद गोळा करीत हिंडली. त्यांच्या श्रमास नमस्कार. त्यांच्या हाती आले ते कागद कारकुनांचे होते, कारण लिहिणारे कारकूनच होते. कुणबी लढत होता, लिहीत नव्हता. कारण त्यास लिहू दिले नव्हते. जोतीरावांनी १८६९ साली शिवरायांचा पवाडा रचला तो ही खोट ओळखूनच.

राहता राहिल्या कादंबऱ्या. विश्वास पाटील यांची ‘पानिपत’ १९८८ साली निघाली. आमच्या तालुक्यात इतिहासाचा एकही ग्रंथ न उघडलेली पण ही कादंबरी दोनदा वाचलेली माणसे आम्ही दहा दाखवू. बाप ओरडतो, की कादंबऱ्या वाचून पोर बिघडते. आमचे मत उलट आहे. छावणीतला दाणा संपत आला म्हणजे माणूस माणसाकडे कसा पाहू लागतो, हे तारखांच्या पुस्तकातून कळत नाही. कादंबरीकार तेथे हात धरून नेतो. मात्र मुलास एक सांगून ठेवावे: भाऊसाहेब काय बोलले हे ऐकावयास लेखक तंबूत नव्हता. बोलणे त्याचे, भूक खरी. एवढा विवेक असला म्हणजे खुशाल वाचू द्यावे. बखरीसही हाच नियम; तीत पुष्कळ मीठमसाला आहे, तरी लोक त्या लढाईविषयी काय म्हणत होते हे तीतून कळते.

पानिपतास अडीचशे वर्षे होऊन गेली. तेथल्या बुणग्यांची नावे आता कोठून आणावयाची? पण जवळची एक लढाई आहे, आणि तिचा धागा अजून तुटलेला नाही. पहिल्या महायुद्धात सरकारच्या सहाव्या डिव्हिजनचे नावच ‘पुना डिव्हिजन’ होते. तीत १०३, ११० व ११७ या मराठा पलटणी होत्या. ही डिव्हिजन मेसोपोटेमियात तैग्रीस नदीच्या काठी कूत येथे १९१५ च्या डिसेंबरात कोंडली गेली आणि २९ एप्रिल १९१६ रोजी उपासमारीने शरण गेली. पुन्हा तीच कोंडी, तीच भूक! सुमारे १३ हजार माणसे कैद झाली आणि त्यांतील हजारो वाळवंटात चालता चालता व तुर्कांच्या रेल्वेच्या कामावर मेली. जनरल टाउनशेंड यांस मात्र इस्तंबूलजवळ बंगला मिळाला, व त्यांनी १९२० साली आपल्या मोहिमेचे पुस्तक छापले. त्याच वाटेने गेलेला शिशिरप्रसाद सर्वाधिकारी नावाचा रुग्णपथकातला एक साधा बंगाली शिपाई रोजनिशीची पाने बुटांत लपवून परत आला, आणि त्यावरून त्याने पुढे आपल्या भाषेत पुस्तक लिहिले. जनरलच्या पुस्तकात जे दिसत नाही ते या बुटांतल्या पानांत सापडते. आमच्या मावळच्या शिपायाचे पान कोठे आहे?

महाराष्ट्रातल्या कित्येक गावांच्या चावडीवर त्या युद्धाची संगमरवरी पाटी आहे. या गावातून इतके लोक गेले, इतके कामास आले. आकडा आहे, नाव नाही. बसऱ्याच्या स्मारकावर गोऱ्या शिपायांची नावे कोरली. आमच्या साध्या शिपायांचे तेथेही आकडेच. ही असमानता झाल्याचे कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनने २०२१ साली आपल्या अहवालात कबूल केले. पण त्याच कमिशनच्या यादीत आता नावे पाहता येतात. पुष्कळ नावांपुढे बापाचे नाव, गाव आणि जिल्हाही असतो. ती यादी इंग्रजीत आहे व गावांची नावे साहेबी कानाने ऐकून लिहिलेली आहेत, म्हणून शोधणाऱ्यास आपल्या पंचक्रोशीतली गावे तोंडपाठ असावी लागतात. हे काम लंडनच्या विद्वानापेक्षा आपल्या तालुक्यातल्या शाळामास्तरास अधिक चांगले साधेल.

तेव्हा शेतकरी व कारागीर बंधूंनो, एवढे करा. घरातली जुनी ट्रंक उघडा. पेन्शनचे पुस्तक, पलटणीचा बिल्ला, डिस्चार्जचा कागद, मोडीतले पत्र, जे असेल ते कपड्यात गुंडाळून आणा. मोडी शाळांतून उठून पुष्कळ वर्षे झाली, म्हणून तो कागद निरुपयोगी समजून भंगारवाल्यास देऊ नका. वाचून देणारे पुण्यास आहेत, आणि आम्हीही अडखळत का होईना वाचतो. आम्ही कागद ठेवून घेणार नाही. नक्कल करून तेव्हाच परत देऊ. ज्यांच्या घरी कागद नाही पण म्हातारे माणूस आहे, त्यांनी ते माणूस सांगेल ते मुलाकडून लिहून घ्यावे: आजा कोणत्या साली गेला, कोणते काम करीत होता, परत आला तर काय सांगत असे, न आला तर मागे आजीने घर कसे चालविले. लढणाऱ्याचेच लिहा असे नाही. खेचरे हाकणारा, नाल ठोकणारा, स्वयंपाकी, डोलीवाला, सर्वांचे लिहा. अशुद्ध लेखनाची लाज धरू नये. आमच्याकडे लाल शाई आहे, पण या वहीस ती लावणार नाही.

शाळा सुटल्यावर सायंकाळी आम्ही असतोच. आजीस घेऊन यावयाचे असल्यास आदल्या दिवशी निरोप धाडावा, म्हणजे खुर्ची काढून ठेवता येईल.